चॉकलेट पुडिंग घट्ट होते ते कसे?

गॅसच्या शेगडीवर केलेले चॉकलेट पुडिंग म्हणजे दूध, साखर, कोको आणि कॉर्नफ्लोअर एकत्र उकळून दाट केलेला आणि मग थंड करून बसवलेला गोड पदार्थ. त्याला ओव्हन लागत नाही, जिलेटिन किंवा चायनाग्रासही लागत नाही. अंडे घातले तर चालते, नाही घातले तरी काही अडत नाही. पातेल्यातले पातळ दूध पंधरा-वीस मिनिटांत चमच्यावर ठरू लागते आणि काही तासांनी वाटीत स्थिर बसते, ते जवळजवळ सर्वस्वी स्टार्चमुळे. थंड दुधात कालवा, मध्यम आचेवर सतत ढवळा, उकळी येऊ द्या, मग ढवळणे थांबवा, वरून झाका, अशा या पाककृतीच्या सूचना मनमानी वाटू शकतात. प्रत्यक्षात त्यांतली एकेक सूचना स्टार्चच्या कणाच्या एकेका अवस्थेशी बांधलेली असते.

हे विज्ञान कोकणातल्या स्वयंपाकघराला नवे नाही. रायगड जिल्ह्यातल्या उरण तालुक्यातले, पनवेलपासून जवळचे चिरनेर हे गाव १९३० च्या जंगल सत्याग्रहामुळे आणि महागणपतीच्या देवळामुळे महाराष्ट्राला माहीत आहे. भाताच्या या पट्ट्यात तांदळाची पेज, मोदकाची उकड आणि नाचणीच्या सत्त्वाची खीर पिढ्यान्‌पिढ्या होत आली. तिन्ही पदार्थ स्टार्च आणि पाणी यांना उष्णता देऊन घडतात. चॉकलेट पुडिंग त्याच कुळातले आहे. धान्य बदलले, दूध वाढले आणि कोको आला, एवढाच फरक.

साहित्य आणि प्रमाण

चार जणांसाठी अर्धा लिटर दूध, २५ ग्रॅम कॉर्नफ्लोअर, ५० ते ६० ग्रॅम साखर, २० ग्रॅम बिनसाखरेची कोको पावडर, ४० ते ५० ग्रॅम डार्क चॉकलेट, १० ग्रॅम लोणी, चिमूटभर मीठ आणि अर्धा छोटा चमचा व्हॅनिला इसेन्स एवढे साहित्य पुरते. १५ मिलिलिटरचा मोठा चमचा सपाट भरला तर त्यात कॉर्नफ्लोअर सुमारे ८ ग्रॅम मावते. म्हणजे तीन सपाट चमचे पुरेसे झाले. डार्क चॉकलेट नसेल तर ते वगळून कोको ३० ग्रॅमपर्यंत वाढवता येतो.

यातला महत्त्वाचा आकडा दुधाच्या मानाने स्टार्च किती, हा आहे. वरच्या प्रमाणात तो सुमारे ५ टक्के पडतो. तो ३ टक्क्यांच्या आसपास ठेवला तर पुडिंग न बसता दाट सॉससारखे ओतता येण्याजोगे राहते. ७-८ टक्क्यांवर गेला तर सुरीने वड्या कापता येतील इतके कडक होते. म्हशीच्या दुधात साधारण ६ ते ८ टक्के स्निग्धांश असतो आणि प्रथिनेही गाईच्या दुधापेक्षा जास्त असतात. ते आधीच दाट असल्यामुळे कॉर्नफ्लोअर दोन-तीन ग्रॅमने कमी केले तरी चालते.

दुधाला असा दाटपणा देणारे विकतचे स्टार्च घराघरांत पोहोचले ते एकोणिसाव्या शतकात. इंग्लंडमध्ये बर्मिंगहॅमच्या आल्फ्रेड बर्ड यांनी १८३७ मध्ये अंड्याविना होणारी कस्टर्ड पावडर तयार केली, कारण त्यांच्या पत्नीला अंडे सोसत नसे. अमेरिकेत थॉमस किंग्जफर्ड यांनी १८४२ मध्ये मक्यातून शुद्ध स्टार्च वेगळे करण्याची रीत बसवली. स्कॉटलंडच्या जॉन पोलसन यांनी १८५४ मध्ये कॉर्नफ्लोअरचे पेटंट घेतले. महाराष्ट्रात पुण्याच्या वीकफील्ड कंपनीची सुरुवात १९५६ सालची. तिच्या कस्टर्ड पावडर, कॉर्नफ्लोअर आणि कोकोच्या डब्यांनी फ्रूट कस्टर्ड आणि पुडिंग हे प्रकार मराठी घरांच्या ओळखीचे केले. भारतात पिकणारा कोको मात्र अजूनही मुख्यतः दक्षिणेतून येतो. केरळ, कर्नाटक, आंध्र प्रदेश आणि तमिळनाडू इथे नारळ-सुपारीच्या बागांत तो आंतरपीक म्हणून घेतला जातो.

स्टार्चचा कण

वनस्पती आपली साखर साठवतात ती स्टार्चच्या रूपात. हा साठा सूक्ष्म, घट्ट बांधलेल्या कणांत असतो. मक्याच्या स्टार्चचे कण साधारण ५ ते २० मायक्रॉन आकाराचे असतात, तर तांदळाचे त्याहून लहान, ३ ते ८ मायक्रॉनचे. प्रत्येक कणात ग्लुकोजच्या साखळ्या असतात आणि त्या दोन प्रकारच्या असतात. सरळ, लांब साखळीला अमायलोज म्हणतात. पुष्कळ फांद्या फुटलेल्या साखळीला अमायलोपेक्टिन म्हणतात. मक्याच्या स्टार्चमध्ये अमायलोज सुमारे पाव हिस्सा असते आणि बाकीचे अमायलोपेक्टिन.

थंड पाण्यात हा कण विरघळत नाही. तो थोडेसे पाणी शोषतो आणि तळाशी बसतो. कालवलेले कॉर्नफ्लोअर पाच मिनिटे तसेच ठेवले की खाली घट्ट थर आणि वर पातळ पाणी दिसते, त्याचे कारण हेच. तापमान वाढले की चित्र बदलते. मक्याच्या बाबतीत साधारण ६२ ते ७२ अंश सेल्सिअसच्या दरम्यान कणाच्या आतली सुव्यवस्थित रचना ढासळते, पाणी आत घुसते आणि कण मूळ आकाराच्या कितीतरी पट फुगतो. या बदलाला जिलेटिनायझेशन म्हणतात. जिलेटिन या प्राणिज पदार्थाशी त्याचा काही संबंध नाही.

फुगलेले कण एकमेकांना घासू लागतात आणि मिश्रण दाट होते. त्याच वेळी कणांतून अमायलोजच्या साखळ्या बाहेर पडून भोवतालच्या द्रवात पसरतात. ९० ते ९५ अंशांपर्यंत दाटपणा शिगेला पोहोचतो. त्यानंतरही बराच वेळ उकळत आणि जोरात घोटत राहिले तर फुगून नाजूक झालेले कण फुटतात आणि दाटपणा पुन्हा कमी होतो. पुडिंगची सगळी कृती या आलेखावर बेतलेली आहे. कण सुटे राहिले पाहिजेत, सगळे सारखे फुगले पाहिजेत आणि फुगल्यावर शाबूत राहिले पाहिजेत.

आधी कोरडे, मग थंड

पहिली पायरी कण सुटे ठेवण्याची. कॉर्नफ्लोअर थेट गरम दुधात टाकले की प्रत्येक गठ्ठ्याचा बाहेरचा थर क्षणात फुगून चिकट होतो. हा थर पाणी आत जाऊ देत नाही, त्यामुळे आतले पीठ कोरडेच राहते. गुठळी म्हणतात ती हीच. एकदा झालेली गुठळी नुसत्या ढवळण्याने क्वचितच मोडते.

म्हणून आधी कॉर्नफ्लोअर, साखर, कोको आणि मीठ कोरडेच एकत्र करून चाळून घेतात. साखरेचे दाणे स्टार्चच्या आणि कोकोच्या कणांमध्ये शिरून त्यांना दूर ठेवतात. मग त्यात थंड दूध थोडे थोडे, सुरुवातीला तीन-चार चमचेच, घालून गुळगुळीत पेस्ट करतात. दाट पेस्ट घोटताना गुठळ्यांवर जोर बसतो आणि त्या मोडतात. सगळे दूध एकदम ओतले तर गुठळ्या नुसत्या तरंगत राहतात. पेस्ट एकसारखी झाली की उरलेले थंड दूध मिसळायचे.

मोदकाच्या उकडीत याच्या अगदी उलट केले जाते. तिथे उकळत्या पाण्यात तांदळाचे पीठ एकदम वैरतात आणि तरीही काही बिघडत नाही. कारण तिथे पाणी पिठाच्या बरोबरीचेच असते, झाकण ठेवून वाफ दिली की ओलावा गठ्ठ्यांत शिरतो, आणि राहिलेल्या गुठळ्या गरम असतानाच हाताने मळून मोडल्या जातात. उकडीत लवचीक गोळा हवा असतो, पुडिंगमध्ये वाहते आणि एकजीव मिश्रण. पुडिंग मळता येत नाही, म्हणून त्याच्या गुठळ्या आधीच टाळाव्या लागतात.

पावसाळ्यात ही काळजी अधिक घ्यावी लागते. खाडीलगतच्या दमट हवेत कॉर्नफ्लोअर आणि कोको दोन्ही ओलावा ओढून घेतात आणि डब्यातच खडे धरतात. हवाबंद डबा आणि वापरण्यापूर्वीची चाळण, दोन्ही तेव्हा आवश्यक ठरतात.

कोकोचा स्वभाव

कोकोच्या बिया आंबवून, वाळवून, भाजून दळल्या की तेलकट लगदा होतो. त्यातले बरेचसे कोको बटर दाबून काढले आणि उरलेली पेंड दळली की कोको पावडर मिळते. ही रीत नेदरलँड्समधल्या व्हॅन हाउटेन कुटुंबाने बसवली आणि तिचे पेटंट १८२८ सालचे आहे. पावडरीत तरीही १० टक्क्यांच्या वर स्निग्धांश उरतोच, आणि म्हणून ती पाण्यात किंवा थंड दुधात सहजी भिजत नाही, वर तरंगत राहते. साखरेबरोबर मिसळून आणि थोड्या दुधात घोटून घेतली की तिचा प्रत्येक कण ओला होतो.

साधी कोको पावडर किंचित आम्ल असते. तिचा सामू साधारण ५.३ ते ५.८ असतो. अल्कलीने प्रक्रिया केलेला, ‘डच’ म्हणून ओळखला जाणारा कोको सामूच्या मोजपट्टीवर ७ च्या आसपास येतो. त्याचा रंग गडद आणि चव सौम्य असते. दोन्ही कोको पुडिंगला चालतात. कोकोमध्ये स्वतःचे स्टार्च आणि तंतूही असतात, त्यामुळे तेवढ्याच कॉर्नफ्लोअरमध्ये चॉकलेट पुडिंग व्हॅनिला पुडिंगपेक्षा थोडे अधिक दाट होते. कोको वाढवला तर कॉर्नफ्लोअर किंचित कमी करावे, ते यासाठी.

मिठाची चिमूट चवीला खारटपणा आणण्यासाठी नसते. सोडियमचे आयन जिभेवर कडवटपणाची जाणीव दाबतात. कडवटपणा मागे हटला की गोडवा आणि सुगंध पुढे येतात. १९९७ मध्ये ‘नेचर’ नियतकालिकात प्रसिद्ध झालेल्या ब्रेस्लिन आणि बोशां यांच्या प्रयोगांनी हे स्पष्ट दाखवले. मिठागरांसाठी ओळखल्या गेलेल्या उरण तालुक्यात गोडाच्या पदार्थात किंचित मीठ घालण्याची सवय वेगळी शिकवावी लागत नाही. मोदकाच्या उकडीत आणि पुरणातही ते पडतेच.

दूध, पातेले आणि आच

दूध तापताना दोन गोष्टी घडतात. साधारण ७० अंशांच्या वर दुधातली व्हे प्रथिने, विशेषतः बीटा-लॅक्टोग्लोब्युलिन, उलगडतात आणि पातेल्याच्या तळाला चिकटू लागतात. त्या थरातली प्रथिने आणि लॅक्टोज साखर यांची पुढे आपसांत अभिक्रिया होऊन तपकिरी, करपट वासाचा थर बनतो. दूध खाली लागते ते असे. पुडिंगमध्ये धोका दुहेरी असतो, कारण तळाजवळचे स्टार्चही तिथेच आधी फुगते आणि चिकटते.

म्हणून पातेले जाड बुडाचे हवे. अ‍ॅल्युमिनियम उष्णता स्टेनलेस स्टीलच्या सुमारे पंधरा पट चांगली वाहून नेते. पातळ स्टीलच्या पातेल्यात बर्नरच्या ज्योतीच्या कड्यावरचा भाग झपाट्याने तापतो आणि बाकीचा मागे राहतो. पुडिंग नेमके त्या कड्याच्या आकारात करपते. तळाला अ‍ॅल्युमिनियमचा थर असलेले स्टीलचे पातेले किंवा जाड हिंडालियमचे भांडे आच सगळीकडे सारखी पसरवते.

आच मध्यम ठेवावी आणि सपाट टोकाच्या लाकडी उलथण्याने किंवा सिलिकॉनच्या कालथ्याने तळ आणि कडा सतत खरवडत ढवळावे. गोल डाव पातेल्याच्या कोपऱ्यात पोहोचत नाही. पहिली सहा-आठ मिनिटे काहीच घडत नाही असे वाटते. याच वेळी आच वाढवण्याचा मोह होतो. दूध ६५-७० अंशांच्या पुढे गेले की मात्र एक-दोन मिनिटांतच बदल होतो. उलथणे जड लागू लागते, तळाशी दाट पट्टे दिसतात. या क्षणी ढवळणे थांबले तर तळाचे स्टार्च वेगाने घट्ट होऊन वरचे पातळच राहते.

साखरेचाही या वेळेवर परिणाम होतो. ती पाणी आपल्याकडे ओढते, त्यामुळे कणांना फुगायला अधिक तापमान लागते. नेहमीच्या प्रमाणात हा फरक थोडाच असतो. साखर फार वाढवली तर मात्र पुडिंग उशिरा घट्ट होते आणि मऊ बसते. साखरेऐवजी गूळ वापरायचा असेल तर तो उकळत्या दुधात घालू नये. गुळातली आम्ले आणि क्षार यांमुळे तापलेले दूध फाटू शकते. पुडिंग शिजून उतरवल्यावर, ते थोडे निवाले की, बारीक चिरलेला गूळ मिसळणे सुरक्षित असते.

उकळीची खूण

मिश्रण दाट दिसले म्हणून लगेच उतरवायचे नसते. पृष्ठभागावर मोठे, सावकाश फुटणारे बुडबुडे येऊ लागले, पिठले रटरटते तसे पुडिंग रटरटू लागले, की समजावे की उकळी आली. दाट द्रवात उष्णता प्रवाहाने वर जाऊ शकत नाही. तळाशी वाफ साठते आणि अधूनमधून उसळून बाहेर पडते. हाताला चटका बसतो तो याच वेळी, म्हणून आच कमी करावी आणि पुढची एक ते दोन मिनिटे हलक्या हाताने ढवळावे.

या दोन मिनिटांत तीन कामे होतात. उरलेले कण पूर्ण फुगतात. न शिजलेल्या पिठाची कच्ची, खडूसारखी चव जाते. आणि पुरेसे अमायलोज द्रवात उतरते, ज्याच्यावर पुढचे बसणे अवलंबून असते. यापेक्षा जास्त उकळण्याची गरज नाही. चिरनेर समुद्रसपाटीजवळ असल्यामुळे तिथे पाणी १०० अंशांना उकळते. महाबळेश्वरच्या सुमारे साडेतेराशे मीटर उंचीवर ते ९५-९६ अंशांनाच उकळते. तेवढे तापमानही मक्याच्या स्टार्चला पुरते, म्हणून पुडिंग घाटावरही तितकेच चांगले होते.

गरम पुडिंग वाटीत घालताना हवे त्यापेक्षा पातळ दिसते. उलथण्याच्या पाठीला जाड थर चिकटला आणि बोटाने ओढलेली रेघ तशीच राहिली, की ते पुरेसे झाले. याच टप्प्यावर आणखी कॉर्नफ्लोअर घातले तर थंड झाल्यावर पुडिंग रबरासारखे होते.

चॉकलेट, लोणी आणि इसेन्स

बारीक चिरलेले चॉकलेट आणि लोणी गॅस बंद केल्यावर घालतात. चॉकलेटमधले कोको बटर ३४ अंशांच्या आसपास वितळते, त्यामुळे त्याला आचेची गरजच नसते. पुडिंगची स्वतःची उष्णता पुरते. कोको बटर आणि लोणी बारीक थेंबांच्या रूपात स्टार्चच्या जाळ्यात अडकतात आणि पुडिंगला गुळगुळीतपणा व चकाकी देतात. थंड झाल्यावर कोको बटर पुन्हा घट्ट होते आणि बसण्याला हातभार लावते. जिभेवर, शरीराच्या तापमानाला, ते वितळते आणि चव एकदम मोकळी होते. चॉकलेट घातलेले पुडिंग नुसत्या कोकोच्या पुडिंगपेक्षा तोंडात वेगळे लागते ते यामुळे.

व्हॅनिलाचा सुगंध सहज उडून जाणाऱ्या रेणूंचा असतो. उकळत्या पातेल्यात घातलेला इसेन्स बराचसा वाफेबरोबर निघून जातो. त्यामुळे तोही शेवटीच घालतात.

अंडे घातले तर

दोन अंड्यांचे बलक घातले तर पुडिंग अधिक भरीव आणि मखमली होते. बलकातला लेसिथिन हा घटक स्निग्धांश आणि पाणी एकत्र बांधून ठेवतो. बलक आधी वेगळ्या भांड्यात फेटून त्यात गरम पुडिंग पळीपळीने मिसळतात आणि मग सगळे पातेल्यात परत घालतात. एकदम गरम मिश्रणात टाकलेला बलक जागीच शिजून त्याचे तुकडे होतात.

नुसत्या अंड्याचे कस्टर्ड उकळले तर फुटते. स्टार्च असलेले पुडिंग मात्र उकळता येते, कारण फुगलेले कण अंड्याच्या प्रथिनांना एकमेकांना गच्च चिकटू देत नाहीत. ते उकळणे आवश्यकही असते. बलकात अल्फा-अमायलेज हे एन्झाइम असते आणि ते स्टार्चच्या साखळ्या तोडते. अंड्याचा द्रव योग्य तापमानाला पाश्चरीकृत झाला की नाही हे तपासण्यासाठी ब्रिटनमध्ये हेच एन्झाइम नष्ट झाले का ते पाहण्याची रीत होती, इतके ते भरवशाचे लक्षण आहे. बलक घातल्यावर पुडिंग नुसते गरम करून उतरवले तर राहिलेले एन्झाइम स्टार्च तोडत राहते आणि रात्रीतून पुडिंग पातळ होऊ शकते. पूर्ण उकळीने एन्झाइम निष्क्रिय होते.

माणसाच्या लाळेतही अमायलेज असते. चव घेतलेला चमचा पुन्हा पातेल्यात घातला तर तेच घडते. बसलेल्या पुडिंगमध्ये उष्टा चमचा बुडवला की त्या जागी काही वेळाने पाणी झालेले दिसते.

थंड होताना

शिजणे संपले तरी पुडिंग पूर्ण झालेले नसते. तापमान उतरू लागले की द्रवात पसरलेल्या अमायलोजच्या साखळ्या एकमेकींजवळ येतात, जागोजागी जुळतात आणि त्यांचे जाळे तयार होते. या जाळ्यात पाणी, फुगलेले कण आणि स्निग्धांशाचे थेंब अडकून राहतात. हे झाले जेल. साधारण तापमानाला ते धरू लागते आणि फ्रिजमध्ये दोन-तीन तासांत चांगले बसते. जाळे विणले जात असताना ढवळले तर ते तुटते आणि पूर्वीइतके घट्ट पुन्हा जुळत नाही. म्हणून पुडिंग गरम असतानाच वाट्यांत वाढून ठेवायचे असते.

वरचा भाग उघडा राहिला तर त्यातले पाणी उडते आणि दुधातली प्रथिने व स्टार्च यांची चिवट साय धरते. ती नको असेल तर बटर पेपर पुडिंगच्या पृष्ठभागाला टेकवून झाकतात. वाटीवर ताट ठेवले तर मधल्या हवेत वाफ जमते आणि तिचे थेंब पुडिंगवर पडतात.

टिकवण्याचा प्रश्न दमट, उष्ण हवेत गांभीर्याने घ्यायला हवा. तांदूळ, पीठ आणि दूध यांत बॅसिलस सेरेयस या जिवाणूचे बीजाणू असू शकतात आणि ते उकळीलाही दाद देत नाहीत. कोमट, ओलसर, दुधाळ पदार्थ त्यांच्या वाढीला फार पोषक असतो. कोकणातल्या उन्हाळ्यात पुडिंग ओट्यावर तासन्‌तास राहू देणे धोक्याचे ठरते. उथळ वाट्यांत घालून, वाफ गेली की दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये ठेवावे आणि दोन-तीन दिवसांत संपवावे. फ्रीझरमध्ये ठेवू नये. गोठण्याने जाळे विस्कटते आणि वितळल्यावर पुडिंग पाणी सोडून भुसभुशीत होते.

तांदूळ आणि नाचणी

कॉर्नफ्लोअरऐवजी तांदळाचे पीठ वापरता येते. फिरनी हे त्याचे जुने उदाहरण. तांदळाच्या पिठात स्टार्च सुमारे तीन-चतुर्थांश ते चार-पंचमांश असते आणि बाकीचे प्रथिने, ओलावा व इतर घटक, त्यामुळे अर्ध्या लिटर दुधाला ३५ ग्रॅमपर्यंत पीठ लागते. पीठ बारीक असावे आणि थंड दुधात पंधरा-वीस मिनिटे भिजू द्यावे. पिठाचे दाणे सुट्या स्टार्चपेक्षा कितीतरी मोठे असतात आणि पाणी आतपर्यंत पोहोचायला वेळ लागतो. उकळी आल्यावरही सात-आठ मिनिटे मंद आचेवर शिजवावे लागते.

तांदळाच्या जातीनेही फरक पडतो. मोकळा, सुटा शिजणाऱ्या तांदळात अमायलोज जास्त असते. त्याचे पुडिंग कडक बसते आणि लवकर पाणी सोडते. इंद्रायणीसारख्या मऊ, चिकट भाताच्या तांदळात अमायलोज तुलनेने कमी असते. त्याचे पुडिंग मऊ आणि ओघळते राहते. कोणत्या तांदळाचा भात कसा होतो हे घरात माहीत असेल, तर त्याचे पुडिंग कसे बसेल याचा अंदाज आधीच बांधता येतो.

नाचणीचे सत्त्व म्हणजे घरी वेगळे केलेले स्टार्चच. नाचणी भिजवून, वाटून, फडक्यातून गाळली की दुधाळ पाणी खाली येते. ते स्थिर ठेवले की तळाशी साका बसतो, वरचे पाणी ओतून टाकून तो वाळवतात. मक्याचे स्टार्च कारखान्यात वेगळे करतात ते याच तत्त्वाने, दळून, धुऊन आणि निवळून. सत्त्वाचा तपकिरी रंग आणि खमंग चव कोकोशी चांगली जुळते. अर्ध्या लिटर दुधाला ३० ते ३५ ग्रॅम सत्त्व पुरते.

मोड आणलेल्या नाचणीचे पीठ मात्र वेगळे वागते. मोड येताना दाण्यात अमायलेज तयार होते आणि शिजताना ते स्टार्च तोडते. अशा पिठाचे पुडिंग पातळ राहते. हाच गुण लहान मुलांच्या आहारात उपयोगी पडतो. बडोद्याच्या महाराजा सयाजीराव विद्यापीठात तारा गोपालदास आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९८० च्या दशकात दाखवून दिले की, मोड आणून वाळवलेल्या धान्याचे थोडेसे पीठ मिसळले की तांदळाची दाट पेज पातळ होते. त्यामुळे बाळाला तेवढ्याच घोटांत अधिक धान्य, म्हणजे अधिक ऊर्जा देता येते. पुडिंग बसवायचे असेल तर मोड न आणलेल्या नाचणीचे सत्त्व घ्यावे.

बिघाडाचे मूळ

पुडिंग बिघडले तर कोणती अवस्था चुकली हे त्याच्या रूपावरून कळते. गुठळ्या झाल्या तर कण सुटे झाले नव्हते. पुडिंग गरम असतानाच बारीक गाळणीतून गाळले तर ते वाचते. पिठूळ चव राहिली तर उकळी पुरली नाही. ते पुन्हा मंद आचेवर दोन मिनिटे उकळता येते. दुसऱ्या दिवशी पातळ झाले तर बलकातले किंवा उष्ट्या चमच्यातले अमायलेज कारण असू शकते. शिजतानाच आधी दाट होऊन मग सैल झाले असेल तर ते फार घोटले गेले. रबरासारखे बसले तर स्टार्च जास्त झाले. थोडे गरम दूध घालून ते फेटले तर दाट सॉस म्हणून आइसक्रीमवर किंवा केळ्यांवर वापरता येते.

करपट वास आला तर तळ अजिबात खरवडू नये. वरचे पुडिंग लगेच दुसऱ्या भांड्यात ओतावे, कारण करपलेला थर जोवर तळाला चिकटलेला असतो तोवर त्याची चव सगळ्या पुडिंगमध्ये उतरत नाही. कडेने पाणी सुटलेले दिसले तर अमायलोजचे जाळे आकसले आहे आणि त्याने धरलेले पाणी बाहेर टाकले आहे. दोन-तीन दिवस ठेवलेल्या पुडिंगमध्ये असे होणे स्वाभाविक असते. पहिल्याच दिवशी तसे झाले तर पुढच्या वेळी बसताना वाटी हलवू नये. स्निग्धांश जास्त असलेले दूध किंवा थोडे जास्त लोणी घेतले तर जाळे मऊ राहते आणि पाणी सुटण्याचे प्रमाणही घटते.